मापाच्या माळावर आभाळ मोजायला

महाडहून पोलादपूरची सकाळची एसटी सुटली तेव्हा माझ्या पिशवीत दोन शर्ट, एक वही, आईने दिलेला स्टीलचा डबा आणि कॉलेजच्या सहीशिक्क्याचे एक पत्र होते. पत्रात लिहिले होते की हे पत्र आणणारा विद्यार्थी कुडपणच्या वर कधी गेलेला नाही, तिथे त्याचे कुणी नातेवाईक नाही, आणि त्याला शंभरपर्यंत न चुकता मोजता येते. आदल्या दिवशी वडिलांनी ते वाचले. ते औद्योगिक वसाहतीत एका कारखान्यात पाळीवर जातात आणि आमच्या घरात कॉलेजचा कागद त्यांच्याइतका सावकाश कुणी वाचत नाही. वाचून झाल्यावर म्हणाले, "बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षापर्यंत पोचून एवढंच लिहून मिळालं का रे तुला?"

ज्यांनी आमच्या भागातले डोंगर पाहिलेले नाहीत त्यांच्यासाठी आधी थोडे सांगितले पाहिजे. आभाळ सगळीकडे सारख्या उंचीवर नसते. महाडला ते इतके वर असते की कुणी त्याची चौकशी करत नाही. पोलादपूरच्या पुढे ते सह्याद्रीकडे उतरत जाते आणि कुडपणच्या वरच्या अंगाला, मापाच्या माळावर, दोर सोडला तर पोचेल इतके जवळ येते. पावसाळ्यात ते आणखी खाली बसते. वैशाखात ते पन्नास हात किंवा जास्त असले तर पावसाळाभर घरांच्या वर राहते. पन्नासच्या खाली असले तर माळाजवळची माळवाडी आभाळात जाते. आभाळात गेलेले घर चार महिने दिसत नाही. आत माणूस राहिला तर त्याला दार सापडते, पण अंगण कुठे संपते ते सापडत नाही. म्हणून दर वैशाखात माप घेतात, आणि मोजणारा परका लागतो. तिथे राहणाऱ्याला आकडा अमुकच यावा असे वाटत असते, आणि वाटणाऱ्याने मोजू नये अशी तिथली रीत आहे.

सुट्टीत बाकीची मुले मुंबईला भावांकडे गेली होती. कॉलेजच्या सरांनी मला मापाला जाशील का म्हणून विचारले. मी म्हणालो, घरी विचारून सांगतो. सर म्हणाले, पत्र टाइप झालेले आहे.

पोलादपूरला उतरून चहा घेतला. उमरठच्या गाडीला वेळ होता, तेव्हा पत्र दोनदा काढून पाहिले. ते हरवेल या भीतीने पुढे हातातच धरले. उमरठला उतरलो तर एक चाळिशीचा माणूस सरळ माझ्याकडे आला.

"कालेजवाले ना? मी भागोजी. माळवाडीचा."

"तुम्ही कसं ओळखलंत?"

"एसटीतनं उतरताना माणूस सामान धरतो. तुम्ही कागद धरलाय."

भागोजीच्या खांद्यावर घोंगडी होती आणि पिशवीत नव्या दरवाजाच्या बिजागऱ्या. मुंबईत साबणाच्या कारखान्यात बारा वर्षे काढून तो दोन वर्षांपूर्वी गावी परतला होता. थंडीत त्याने माळवाडीत कौलारू घर पुरे केले, वरकस (डोंगरउतारावरची नाचणी-वरीची जमीन) भाजून तयार ठेवली. आता फक्त दार बसवायचे राहिले होते. बिजागऱ्या मी हातात घेऊन पाहिल्या. लोखंडी होत्या. पितळेच्या जास्त टिकतात, असे मी माहितगारासारखे बोललो.

"टिकतात," तो म्हणाला. "पण वर ऱ्हात नाय."

मला त्याचा अर्थ कळला नाही, आणि विचारायचा धीर झाला नाही.

कुडपणची चढण मी आयुष्यात विसरणार नाही. नव्या चपलांनी अर्ध्या वाटेतच दोन्ही टाचा सोलल्या. भागोजी पुढे जाऊन करवंदांच्या जाळीपाशी थांबायचा, ओंजळभर काढून ठेवायचा आणि मी पोचलो की देऊन पुन्हा चालू लागायचा. मी दमलोय असे तो एकदाही म्हणाला नाही. मात्र एका वळणावर थांबून जे म्हणाला ते मी वहीत लिहून ठेवले आहे. "फिकर नॉट, साहेब. यंदा आभाळ वरच हाय. माळवाडी खाली उतरली की नाचणी पेरायची ऱ्हाते, आणि नाचणी ऱ्हायली की साल गेलं. मग मला परत साबणच हाय."

तिसऱ्या प्रहरी आम्ही कुडपणला पोचलो. दोन्ही बाजूंना कडे आणि मध्ये सपाट, असे ते गाव आहे. उतरायची सोय चंद्राबाईंकडे होती. त्या माळावरच्या मापकरीण, म्हणजे माप घेताना दोर सोडणाऱ्या. वय साठीच्या आसपास, हातांचे तळवे लाकडासारखे. सासऱ्यांकडून हे काम त्यांच्याकडे आले. जेवायला नाचणीची भाकरी, सुकटीचे (वाळवलेल्या बारीक कोळंबीचे) कालवण आणि भाजलेल्या आठळ्या (फणसातल्या बिया) होत्या. जेवणाआधी त्यांनी माझी परीक्षा घेतली. टोपलीतल्या आठळ्या एकेक करून परातीत टाकल्या आणि मला मनात मोजायला सांगितले.

"एकतीस," मी म्हणालो.

"आकडा बरोबर. पण ओठ हलतात तुझे. उद्या दहा घरांची माणसं तुझ्या ओठांकडं बघत असतील. ओठ हलला की ती आकडा मनातनं पुढं ढकलायला लागतात. पुन्हा मोज."

पाच वेळा मोजून घेतल्यावर त्यांनी मला भाकरी वाढली.

सकाळी उन्हाच्या आत चढलो. तासाभरात माळवाडी लागली. दहा घरे, त्यातल्या नऊंवर पेंढा आणि एकावर तांबडी नवी कौले. तिथून पुढे झाडे संपतात आणि मापाचा माळ सुरू होतो.

वेधशाळा म्हटली की आपल्या डोळ्यांसमोर घुमट येतो. इथे घुमट नाही, दुर्बीणही नाही. छातीइतक्या उंचीची, अर्ध्या चंद्रासारखी एक दगडी भिंत आहे. भिंतीच्या पोटात मोजणाऱ्याने बसायचा चौथरा, आणि चौथऱ्यासमोर जमिनीत रोवलेला, भोक पाडलेला दगड. त्या भोकातून दोर वर जातो. मी वर पाहिले. इतक्या जवळून आभाळ निळे दिसत नाही. ते ताकासारखे पांढुरके असते आणि त्यावर बारीक रेघा असतात, तळहातावर असतात तशा. वाऱ्याची झुळूक आली की धुतलेल्या पाटीसारखा वास येतो.

मी वर पाहत असताना माझी पँट वर जाऊ लागली. आधी मला वाटले भास आहे. मग पट्ट्याचे बक्कल कमरेवरून उठून नाकाच्या दिशेने निघाले आणि त्याच्याबरोबर मी चवड्यांवर उभा राहिलो. मापाच्या माळावर पितळेला आभाळाची ओढ असते. म्हणूनच दोराच्या टोकाला पितळेचा तांब्या बांधतात आणि म्हणूनच माळवाडीत पितळेची बिजागरी कुणी लावत नाही.

"काढ रे तो पट्टा," चंद्राबाई म्हणाल्या. "नायतर तांब्याच्या आधी तूच जाशील."

"जाऊ द्या गो," एक म्हातारा बसल्या जागेवरून म्हणाला. "वर जाऊन हाताने मोजून येईल. कालेजचा हाय."

पट्टा एका दगडाखाली दाबून ठेवला. भागोजीने मला सुतळीचा तुकडा दिला आणि पँटला सुतळी बांधून मी चौथऱ्यावर बसलो. लोक हसले, पण त्यात वाईट काही नव्हते.

बसताना समोर भिंत होती. तिच्यावर गेरूने सालागणिक आकडे लिहिलेले. जुने फिकट होते, अलीकडचे स्पष्ट. चौपन्न. त्रेपन्न. त्रेपन्न. चौपन्न. बावन्न. मी ते वाचले. वाचायला नको होते असे कुणी सांगितले नव्हते.

सूर्य डोक्यावर आल्यावर चंद्राबाईंनी तांब्या सोडला. हातातून पारवा सोडावा तसा तो वर गेला. दोराला हाताहाताच्या अंतरावर गाठी असतात. दोर मापकरणीच्या हातातून सुटतो, दगडाच्या भोकातून जातो आणि मोजणारा भोकावर तळवा ठेवून प्रत्येक गाठ मोजतो. जो दोर सोडतो त्याने मोजायचे नाही, जो मोजतो त्याने दोर धरायचा नाही. आजूबाजूला कुणी खोकलेसुद्धा नाही. माझे ओठ हलले नाहीत याची मला खात्री आहे. चाळीस. पंचेचाळीस. सेहेचाळीस. सत्तेचाळिसावी गाठ तळव्याखालून गेली आणि दोर थांबला. वरून दोरातून एक नाद खाली आला, भरलेल्या हंड्यावर बोट मारल्यासारखा.

"बोल," चंद्राबाई म्हणाल्या.

इथे जे झाले ते मला नीट सांगायचे आहे. कॉलेजात प्रयोगाला बसलो की आधी आम्ही मागच्या वर्षीच्या मुलाची वही मिळवतो. उत्तर किती यायला हवे ते तिथे असते. आपले उत्तर वेगळे आले तर चूक आपली असते. उपकरण चुकत नाही, पुस्तक चुकत नाही. चुकतो तो विद्यार्थी, आणि त्यातही ज्याच्या घरात आधी कुणी प्रयोगशाळा पाहिलेली नाही असा विद्यार्थी. मग वाचन थोडे सरकवून घ्यायचे आणि सही घ्यायची. सगळे असेच करतात आणि त्याला लबाडी असे कुणी म्हणत नाही. तेव्हा सत्तेचाळीस आल्याबरोबर मला वाटले की मी चार-पाच गाठी गाळल्या. डोळ्यांसमोर बावन्न होते.

"बावन्न," मी म्हणालो.

भागोजीने मोठा श्वास सोडला. एका बाईने जवळच्या पोराच्या हातावर गूळ ठेवला. चंद्राबाईंनी गेरू उगाळून भिंतीवर आकडा लिहिला आणि वर सरकणाऱ्या तांब्यामागे आणखी दोर सोडून तो दगडाला बांधून टाकला. तांब्या संध्याकाळपर्यंत वरच राहतो. मग त्या दरवर्षीप्रमाणे म्हणायचे ते म्हणाल्या, कुणाकडेही न पाहता: "ज्यानं आकडा सांगितला त्याला तो मागे घ्यायचा तर सूर्य टेकायच्या आत. तांब्या खाली आला की आकडा भिंतीचा."

"पुन्हा मोजता नाही येत?" मी विचारले.

"नाय. एकदा शिवलं की आभाळ अंग चोरतं. महिनाभर वर सरकून बसतं. दुसरं माप खोटं."

म्हणजे खरा आकडा त्या माळावर फक्त एका माणसाला माहीत होता.

जेवायला भागोजीकडे बोलावले होते. त्याची बायको चुलीपाशी, आणि म्हातारी आई ओटीवर सुपात नाचणीचे बियाणे निवडत बसलेली. जेवण झाल्यावर भागोजी म्हणाला, "साहेब, जरा दार धरता काय? बिजागरी मारून घेतो." मी दार धरून उभा राहिलो. नव्या फणसाच्या लाकडाचे दार, चांगले जड. तो खिळे ठोकत होता आणि म्हातारी बोलत होती.

"याचा धाकटा भाऊ होता, सखाराम. याच वाडीत ऱ्हायचा. तीन सालामागं आषाढात गाय बांधायला म्हणून अंगणात गेला. त्या साली आभाळ अंगणापर्यंत आलं होतं."

"मग?"

"मग काय. हाक ऐकू यायची. आये, कुठं हायस गो, म्हणायचा. मी इथनं ओ द्यायची, परात वाजवायची. नऊ दिवस यायची हाक. मग नाय आली."

भागोजीचा हातोडा थांबला नाही. मुंबईहून तो का परतला होता हे मला तेव्हा समजले.

"त्या वर्षी माप किती भरलं होतं?" मी विचारले.

"त्रेपन्न," म्हातारी म्हणाली. "माप चांगलं होतं. माणसाचं नशीब."

मी भिंतीवरचे त्रेपन्न वाचले होते. ते किती ठळक होते तेही आठवले. मला एकदम दिसले की त्या साली चौथऱ्यावर माझ्यासारखाच कुणीतरी बसला असणार आणि त्याच्यासमोर त्याच्या आधीचा आकडा असणार.

"भागोजी," मी म्हणालो, "दार खाली ठेवू या."

"झालंच, एक खिळा."

"सत्तेचाळीस होतं."

त्याने माझ्याकडे पाहिले. आत चुलीपाशी भांडे वाजायचे थांबले.

"काय सत्तेचाळीस?"

"माप. मी सत्तेचाळीस मोजलं."

"मग बावन्न कुठनं आणलं?"

"भिंतीवरून."

त्याने हातोडा हळूच खाली ठेवला. मला वाटले तो मारेल. मारले असते तर मला सोपे गेले असते. त्याने दाराच्या लाकडावरून हात फिरवला. मग म्हणाला, "तुम्हाला खात्री हाय? की आता आईचं ऐकून घाबरलात?"

हा प्रश्न अगदी बरोबर होता. मी डोळे मिटले आणि तळवा मांडीवर ठेवला. एकेक गाठ पुन्हा जाणवली. आयुष्यात मी बहुतेक प्रश्नांची उत्तरे "बहुतेक" म्हणून देतो.

"खात्री आहे," मी म्हणालो.

"लिहून देतात म्हणे, शंभरपर्यंत मोजता येतं," तो म्हणाला. "पन्नासपर्यंत तरी जातंय काय ते आधी बघायला पाहिजे होतं." आणि त्याने दार भिंतीला टेकवून ठेवले. "चला. ऊन हाय अजून."

आम्ही दोघे माळावर गेलो. मागून हळूहळू सगळी वाडी आली. चंद्राबाई दोराजवळ बसून होत्या. मी त्यांना सांगितले.  वाडीतल्या एका माणसाने शिवी दिली. दुसरा म्हणाला, दुपारी एक, आता एक, रात्री तिसरं सांगेल हा. चंद्राबाईंनी हात वर करून त्यांना गप्प केले.

"मला दोर कमी गेल्यासारखा वाटला होता," त्या मला म्हणाल्या. "पण माझ्या वाटण्याला माप म्हणत नाय."

त्यांनी बावन्नवर आडवी रेघ मारली, पुसले नाही, आणि शेजारी सत्तेचाळीस लिहिले. मग मला भिंतीच्या जुन्या टोकाशी नेले. फिकट झालेल्या आकड्यांत कितीतरी असे रेघ मारलेले होते. एकसष्टवर रेघ, शेजारी अठ्ठावन्न. पन्नासवर रेघ, शेजारी पंचेचाळीस. अलीकडच्या पाच-सहा सालांत मात्र एकही रेघ नव्हती.

"पूर्वी येणारे चुकायचे आणि संध्याकाळपर्यंत सांगायचे," त्या म्हणाल्या. "अलीकडं कुणी चुकतच नव्हतं. मला त्याचीच भीती वाटायची."

भागोजी तीन सालांपूर्वीच्या त्रेपन्नसमोर उभा होता. त्याने त्या आकड्यावर तळवा ठेवला. मग वाडीकडे निघून गेला. सूर्य टेकला तेव्हा चंद्राबाईंनी तांब्या खाली ओढला. त्याचे बूड दंव पडल्यासारखे ओले होते.

दुसऱ्या दिवशी सकाळपासून माळवाडी उतरू लागली. पाऊस यायला अवकाश होता, पण खाली कुडपणला पावसाळ्याच्या झोपड्या उभ्या करायच्या तर आत्ताच उतरायला हवे होते. जाती, पराती, कोंबड्यांचे डालगे, दोरीने बांधलेल्या वळकट्या. मला शिवी देणाऱ्या माणसाने स्वतःहून माझ्या डोक्यावर जात्याची वरची तळी ठेवली. "हे तरी नीट पोचव," म्हणाला. मी पोचवली. टाचांना फडकी बांधून दोन खेपा केल्या.

भागोजीने दार बिजागऱ्यांसकट उचलून डोक्यावर घेतले. आभाळात लाकूड कुजते म्हणतात. त्याची आई निवडलेल्या बियाण्याचे गाठोडे काखेत धरून मागे होती. कुडपणला त्याने दार उतरवले आणि माझ्यासमोर उभा राहिला.  नाचणीचे साल गेले होते आणि ते माझ्या शब्दाने गेले होते, हे आम्हा दोघांनाही ठाऊक होते.

"मुंबईला जाणार?" मी विचारले.

"चार महिने जाईन. आई, बायको हितं खाली ऱ्हातील." बिजागऱ्या चाचपत तो म्हणाला, "हाका मारायला लागणार नाय कुणाला." मग माझ्या कमरेकडे पाहिले. "तुमचा पट्टा वरच ऱ्हायला."

तो खरोखरच वर राहिला होता. मी सुतळीवरच उमरठपर्यंत उतरलो.

उमरठहून गाडी सुटली. शेजारी एक मावशी बसली होती, मांडीवर पाडाच्या आंब्यांची पाटी. तिने माझ्या सुतळीकडे, पायांकडे, वहीकडे पाहिले.

"माळावरनं आलास काय रे? झालं माप?"

"झालं."

"किती भरलं?"

गाडीतली दोन-चार डोकी वळली. कालपर्यंत मी अशा वेळी खिडकीबाहेर पाहिले असते.

"सत्तेचाळीस," मी म्हणालो.

तिने आकडा एकदा स्वतःशी म्हटला. मग पाटी डोक्यावर घेतली आणि कंडक्टरला हाक मारली, "थांबव रे बाबा गाडी. माझी लेक माळवाडीला हाय, पोटुशी हाय."

मी तिला सांगितले की वाडी खाली उतरायला लागली आहे, सगळी माणसे कुडपणला आहेत. तिने मान हलवली, पण उतरलीच. गाडीच्या मागच्या काचेतून ती बराच वेळ दिसत होती, पाटी सावरत, भरभर, आम्ही आलो त्या वाटेने मागे जाताना.

महाडला पोचेपर्यंत मी वही उघडली नाही. आभाळ पावसाळ्यात खरोखर किती खाली येईल, हे मला त्या दिवशी माहीत नव्हते आणि हे लिहितानाही माहीत नाही. दहा घरांनी चुली उचलल्या, एका माणसाने नवे दार डोक्यावर घेतले आणि एक अनोळखी बाई चालती गाडी थांबवून उतरली. यातल्या कुणीही मला तुझे वडील काय करतात, तू कोणत्या वाडीतला, तुला किती गुण पडतात, असे विचारले नव्हते. त्यांनी आकडा विचारला. तो मी मोजला होता, आणि सांगितला होता.